काटेबाईचा चेहरा

४ फेब्रुवारी

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

आज सकाळी सहाला उठलो. चहा घेतला, पाणी भरून ठेवलं. दहाच्या सुमारास पोस्टमन तुझं पाकीट देऊन गेला. ते दोनदा वाचलं. जेवून थोडा वेळ पडलो. आता साडेचार झाले आहेत आणि उत्तर लिहायला बसलो आहे. तू फोन करतेस, पण मला फोनवर अर्धं ऐकू येतं आणि उरलेलं अर्धं मी मनाने भरतो. त्यातून गैरसमज होतात. त्यापेक्षा पत्र बरं.

तुझ्या मालिकेची कल्पना समजली. आमची काटेबाई साळिंदर आणि फुगेराव बेडूक पडकी गिरणी सोडून शहराबाहेरच्या नव्या वसाहतीत राहायला येतात. एकसारखी घरं, पुढे हातभर हिरवळ, शेजाऱ्याची आणि आपली भिंत एकच. फुगेराव तक्रार-निवारण खात्यात नोकरीला आहे. दिवसभर लोकांच्या तक्रारी ऐकतो आणि फुगतो. काटेबाईमुळे सोफ्याची चाळण झाली आहे, गाडीचा पट्टा तिला लावता येत नाही, आणि शेजाऱ्यांच्या मुलांचा हवेचा पोहण्याचा हौद ती नुसती जवळून गेली तरी बसतो. वाचताना मी दोन ठिकाणी हसलो. हे आधी लिहितो, कारण पुढचं तुला आवडणार नाही.

सोबतच्या परवानगीच्या कागदावर मी सही करणार नाही.

फुगेराव आमच्या स्टुडिओच्या मालकांनी काढलेला. तो स्टुडिओचा आहे, त्याचं तुम्ही काय वाटेल ते करा. काटेबाई मागाहून तुझ्या मावशीने आणली आणि तिच्या नावावर नोंदवून घेतली. मावशी गेल्यावर ती माझ्याकडे आली. म्हणून तू मला विचारलंस, ते योग्यच केलंस.

तू ती कार्टून लहानपणी पाहिलीस, पण ती होताना पाहिली नाहीस. सात मिनिटांचं एक, आणि प्रत्येकाचा शेवट तोच. फुगेराव कशावरून तरी रागावतो, फुगत फुगत छताला लागतो, काटेबाई काही न बोलता त्याला एक काटा लावते, आणि तो फुर्र करत गिरणीभर उडून तिच्या पायाशी रिकाम्या पिशवीसारखा पडतो. चित्रं मावशी काढायची, बायका ती शाईने पारदर्शक कागदांवर उतरवायच्या, आणि मी एकेक कागद दिव्याखाली ठेवून त्याचा फोटो घ्यायचो. एका सेकंदाला बारा चित्रं. अकरा वर्षं मी तेच केलं.

चित्रकाराच्या टेबलावर आरसा असतो. पात्राने जसं तोंड करायचं तसं स्वतः करून बघायचं आणि काढायचं, ही पद्धत. मावशीच्याही टेबलावर होता. काटेबाई ओठ एका बाजूला ओढून घेते, डोळे अर्धे मिटून समोरच्याचं बोलणं संपायची वाट बघते, ते तोंड मावशीचं आहे. तू म्हणशील, मावशी कुठे अशी होती? खरं आहे, घरात ती म्हणजे ढोल. पण काम करताना आरशात बघायची तेव्हा ती गप्प असायची. ती गप्प असतानाची मावशी मला घरी फारशी मिळाली नाही. दिव्याखाली मिळाली.

तिला जाऊन सात महिने झाले. आता तो चेहरा संगणकात घालून कुणी त्याला हवं ते बोलायला लावणार, हे मला बघवणार नाही. याहून जास्त मला सांगता येत नाही.

आईला नमस्कार सांग.

तुझे,
काका


१२ फेब्रुवारी

प्रिय काका,
साष्टांग नमस्कार.

पत्र वाचून आधी रडले, मग चिडले, मग परत वाचलं. मावशी असती तर म्हणाली असती, "या माणसाला 'नाही' म्हणायला दोन पानं लागली, प्रगती आहे!"

आमच्याकडे काय झालं ते सांगते. आम्ही सहा लेखक एका खोलीत बसतो, म्हणजे मी आणि आपण लेखक आहोत असं वाटणारे पाच जण. परवाच्या मीटिंगला साहेब आले, आणि सोबत जाहिरातींचं बघणारा माणूस. दीड तास चर्चा झाली ती काट्यावर.

साहेब म्हणाले, "बायको नवऱ्याला टोचते, हे आजच्या काळात चालायचं नाही."

मी म्हटलं, "साहेब, तो बेडूक आहे."

"बेडकाला भावना नसतात?"

जाहिरातवाला म्हणाला, "टोचण्याऐवजी तिने त्याला दीर्घ श्वास घ्यायला शिकवावं. संदेशही जाईल."

"अहो, फुगलेल्या बेडकाला आणखी श्वास घ्यायला सांगताय?"

मी एकटीच हसले. मग तुमच्या पत्राबद्दल सांगितलं. मावशीच्या आरशाचं नाही सांगितलं, फक्त सही मिळणार नाही एवढंच. साहेबांनी क्षणभरही वेळ लावला नाही. "मग ती नाही. फुगेराव आपलाच आहे ना? बायको वारली दाखवा. नवी वसाहत, एकटा बेडूक. हसतील पण आणि रडतील पण." चहा येईपर्यंत काटेबाई वारली, काका. कप उचलेपर्यंत सगळ्यांना ती कल्पना स्वतःचीच वाटायला लागली होती.

मी तुमच्यावर दबाव आणत नाहीये. खरंच नाही. पण लिहायचं मला आहे, आणि एकटा माणूस घरात दिवसभर काय करतो हे मला माहीत नाही. तुम्ही कसे आहात? आणि कृपा करून "बरा आहे" असं लिहू नका. ते तुम्ही ताप असतानाही लिहिता.

तुमची,
भिंगरी


२० फेब्रुवारी

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

सकाळी बँकेत जाऊन आलो. दुपारी पंख्याची पाती पुसली. संध्याकाळी काही केलं नाही.

काटेबाई वारली हे वाचून बरं वाटलं नाही, पण तुमचा निर्णय तुमच्यापाशी. मी मधे पडत नाही.

"बरा आहे" लिहू नको म्हणतेस म्हणून जे होतं ते लिहितो. स्वयंपाक जमतो. एका माणसाचा अंदाज जमत नाही, त्यामुळे दुपारचंच संध्याकाळी होतं. कपडे मशीनमध्ये टाकतो. पांढरे वेगळे टाकायचे असतात हे मला उशिरा कळलं.

बाहेर पडताना अजून "येतो गं" असं तोंडातून जातं. मग मी जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर थांबतो. मावशी सामानाची यादी द्यायची तेव्हा एक गोष्ट हटकून विसरायची, आणि मी तिसऱ्या पायरीवर पोचलो की तिला ती आठवायची. वरून ओरडायची, "आणि साबण!" सगळ्या इमारतीला आमच्या घरातलं काय संपलंय ते माहीत असायचं. आता थांबतो तेव्हा मनात दहा आकडे मोजतो आणि उतरतो. परवा खालच्या मजल्यावरच्या वकीलबाईंनी विचारलं, "काका, गुडघा दुखतो का?" मी हो म्हणालो. त्यांनी एक तेल सांगितलं आहे. आणावं लागेल, नाहीतर पुन्हा विचारतील.

आणखी एक सांगतो, जे तुझ्या आईलाही माहीत नाही. पहिल्या तपासण्या आल्या तेव्हा डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं होतं, दोन महिने, फार तर तीन. मी आत गेलो आणि मावशीला म्हणालो, "अशक्तपणा आहे म्हणतात, खाल्लं पाहिजे." ती "बरं" म्हणाली. नंतर तिने कधी विचारलं नाही. एरवी साध्या सर्दीवर ती चार दिवस वाद घालायची. शेवटपर्यंत दवाखान्यात चित्रं काढत बसायची आणि नर्सला चिडवायची. तिला कळलं असतं तर असे दिवस गेले नसते. लोक मला म्हणत आले की याच्या चेहऱ्यावरची माशी हलत नाही. आयुष्यात त्या गोष्टीचा एकदा तरी उपयोग झाला असं मी समजतो.

मालिका चांगली लिही. तब्येतीला जप.

तुझे,
काका


१६ मार्च

प्रिय काका,
साष्टांग नमस्कार.

उत्तराला उशीर झाला त्याबद्दल रागावू नका. तीन आठवडे मी माणसात नव्हते. पहिल्या भागाची स्क्रिप्ट सोबत पाठवते आहे. साहेबांना आवडली. चक्क "आवडली" म्हणाले, नाहीतर त्यांचा "बघू" हा सगळ्यात वरचा शेरा असतो. जाहिरातवाला वाचताना नाक पुसत होता आणि वर मलाच सांगत होता, "एसी वाढवा जरा, सर्दी झालीय."

आईने वाचली आणि तुमच्याकडे पाठव म्हणाली.

वाचा आणि खरं काय ते सांगा.

तुमची,
भिंगरी


२३ मार्च

चि. भिंगरीस,
आशीर्वाद.

तुझी स्क्रिप्ट मिळाली. नवव्या पानापर्यंत वाचली. त्या पानावर फुगेराव घरातून निघतो, "येतो गं" म्हणतो, तिसऱ्या पायरीवर थांबतो. शेजारीण विचारते, "गुडघा दुखतो का?" तो हो म्हणतो.

ते मी तुला लिहिलं होतं. मालिकेला लिहिलं नव्हतं.

चांगलं लिहिलं आहेस. मी वाचताना तो बेडूक मला दिसला. पण त्यानंतर मी जिना उतरतो तेव्हा मागून कुणीतरी बघतं आहे असं वाटतं, आणि मी न थांबता उतरतो.

मी रागावलो नाही. काही दिवस पत्र लिहिणार नाही. प्रकृती ठीक आहे.

काका


२ एप्रिल

प्रिय काका,

तुम्ही लिहिणार नाही म्हणालात तरी मी लिहिते आहे. वाचलं नाहीत तरी चालेल.

मी नववं पान काढून टाकलं. साहेब म्हणाले, "वेड लागलंय का? सगळ्यात चांगलं पान आहे ते." मी म्हटलं, "चोरीचं आहे." ते म्हणाले, "मग काय झालं, सगळंच असतं." मी पान परत दिलं नाही. वाटेल ते करा म्हटलं.

पण तुमची पायरी तर मी घेतलीच. चुकून लिहिली गेली असं म्हणणार नाही. तुमचं पत्र टेबलावर उघडं ठेवून लिहिली. वाचलं तेव्हाच मला कळलं होतं की यापेक्षा चांगलं मला सुचणार नाही, आणि तुम्हाला विचारलं तर तुम्ही नाही म्हणाल. म्हणून विचारलं नाही. मला माफ करा.

एक मात्र सांगते. ती पायरी फुगेरावला देताना मला काही वावगं वाटलं नाही, कारण लहानपणापासून माझ्या डोक्यात फुगेराव म्हणजे तुम्हीच होता. नवरा तो, म्हणून तुम्ही. बायको ती, म्हणून मावशी. दुसरा विचारच केला नाही. तुमचं पत्र आल्यावर काही सुचेना, तेव्हा मी शाईवाल्या बाईंना भेटायला गेले. तुमच्याबरोबर अकरा वर्षं काटेबाईच्या रेघा ओढणाऱ्या त्याच. त्या आता मुलीकडे असतात, वय ऐंशीच्या पुढे, पण जिभेला गंज नाही.

मी म्हटलं, "काकांना मी फार दुखावलं. फुगेराव म्हणजे काका असं समजून लिहीत गेले."

त्या म्हणाल्या, "तुझा काका फुगेराव? तो कधी फुगला गं?"

"म्हणजे?"

"अगं, फुगेराव तुझी मावशी! ती आरशात बघून गाल फुगवायला लागली की आम्ही सगळ्याजणी हातातलं पेन खाली ठेवायचो. हसून हात हलायचा, रेघ वाकडी जायची. मालकांशी भांडून यायची आणि तशीच्या तशी कागदावर उतरायची."

"मग काटेबाई?"

"काटेबाई काढायच्या दिवशी ती आरसा फिरवायची. हा एवढा. मग त्यात तिचं तोंड दिसायचं नाही, दारातून पलीकडची कॅमेऱ्याची खोली दिसायची. हा तिथे स्टुलावर बसलेला, मालकांचं ओरडणं संपायची वाट बघत. तोंड असं."

आणि बाईंनी ओठ एका बाजूला ओढून दाखवले. काका, मी दचकलेच. ते तुम्हीच होता.

मी विचारलं, "काकांना हे माहीत नाही?"

"त्याला कोण सांगणार? सांगितलं असतं तर दुसऱ्या दिवसापासून दाराकडे पाठ करून बसला असता. मग आम्ही काय काढायचं, त्याचं डोकं?"

निघताना त्या म्हणाल्या की चेहऱ्यांचे जे कागद असायचे, काटेबाई हसली तर कशी, चिडली तर कशी, त्यांच्या मागच्या बाजूला मावशी पेन्सिलीने लिहून ठेवायची, कधीचा चेहरा आहे ते. ते कागद तुमच्याकडेच असणार. बघायचं की नाही ते तुम्ही ठरवा. मी यातलं काहीही, कधीही, कुठेही वापरणार नाही. मला कळवलं नाहीत तरी चालेल.

भिंगरी


२१ एप्रिल

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

आज रविवार. सकाळी दाढी केली. वरच्या टाकीचं पाणी उशिरा आलं. शेजारच्यांकडे पाहुणे आले आहेत, त्यामुळे दुपारी झोप झाली नाही. तीन वाजल्यापासून हे पत्र लिहितो आहे. दोन कागद वाया गेले.

तुझं पत्र आलं त्या दिवशी मावशीच्या कागदांचा खोका काढला नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. मला वाटलं बाईंचं वय झालं आहे, त्या काहीतरी घोळ घालत असतील. चौथ्या दिवशी काढला.

मी ते कागद कधी उलटून कसे पाहिले नाहीत, असं तुला वाटेल. त्याचं कारण साधं आहे. कॅमेऱ्यावरचा माणूस कागद उलटा करत नाही. वर दोन भोकं असतात, ती दोन खुंट्यांत बसवायची, चित्र वर, फोटो घ्यायचा, कडेला धरून उचलायचं आणि पुढचा ठेवायचा. बोटांचे डाग पडू नयेत म्हणून मधे हात लावायचा नाही. तीच सवय राहिली. ते कागद मी हजार वेळा हाताळले असतील, पण एकाच बाजूने.

बाई खरं बोलल्या. पहिल्याच कागदामागे लिहिलं आहे, "भाजी खारट झाली आहे. बोलणार नाही." पुढच्यावर, "माझी आई तीच गोष्ट तिसऱ्यांदा सांगते आहे." एकावर, "मालक ओरडून गेले. हा दिव्याची काच पुसतो आहे." तो दिवस मला आठवला. काच स्वच्छच होती. आणखी एकावर नुसतं, "मी फुगले. काटा येतो आहे." असे एकोणतीस कागद आहेत. मग मी न्हाणीघरात जाऊन आरशात पाहिलं. आपण आपल्या चेहऱ्याकडे दाढीपुरतं बघतो. ओठाचं ते मला कधी दिसलं नव्हतं.

मला वाटत होतं की अकरा वर्षं मी तिला बघत होतो.

खोक्याच्या तळाशी दवाखान्यातली चित्रं होती. ती मी तिच्या उशाखालून काढून तशीच ठेवून दिली होती. बहुतेक नर्सची आहेत, एक सलाईनच्या बाटलीचं. एक काटेबाईचं. हातात पाण्याचा पेला आणि सगळे काटे खाली पडलेले. असं तिने काटेबाईला कधी काढलं नव्हतं. आमच्या कार्टूनमध्ये तिचे काटे झोपेतही उभे असायचे. तोंड सरळ आहे, त्यावर काहीच नाही. मागे तारीख आहे आणि लिहिलं आहे, "डॉक्टरांशी बोलून आला. अशक्तपणा आहे म्हणतो. इतक्या मेहनतीने लपवतो आहे, तर मी विचारणार नाही."

हे तुला लिहायचं की नाही यावर बरेच दिवस गेले. मी आत गेलो तेव्हा माझ्या हातात पाण्याचा पेला होता हेही मला आठवत नव्हतं. तेव्हा माझ्या चेहऱ्याचा जो उपयोग झाला असं मी मागे लिहिलं होतं, तो झाला नाही. तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. नर्सला चिडवणं, चित्रं काढत बसणं, सगळं माहीत असून. आणि मी माझ्या धीराचं कौतुक करत होतो. त्याबद्दल अजून मला काय वाटतं ते ठरत नाही. कधी वाटतं, एकदा तरी बोलायला हवं होतं. कधी वाटतं, दोघांनी मिळून एक गोष्ट नीट पार पाडली. तू यावर काही लिहू नकोस.

आता कामाचं.

तुमचा फुगेराव त्या वसाहतीत एकटा आहे. तो जर मावशी असेल, आणि आहे असं आता मी मानतो, तर त्याला एकटं ठेवणं बरोबर नाही. मी ज्या चेहऱ्यासाठी अडून बसलो होतो तो माझा निघाला, आणि त्यापायी तिला मी त्या नव्या घरात एकटीला पाठवलं. ती एकटी राहू शकणाऱ्यातली नव्हती. मी दोन दिवस बाहेरगावी गेलो तर ती दूधवाल्याशी तासभर बोलत बसायची. फुगेरावचंही तसंच होईल. त्या तक्रारखात्यातून घरी येईल, फुगेल, आणि काटा लावायला कुणी नसेल तर छताला लागून तसाच राहील.

म्हणून परवानगीच्या कागदावर सही करून सोबत पाठवतो आहे. त्यांना नवरा-बायको करायचं तर करा. आम्ही ते कधी ठरवलं नव्हतं. कुणी विचारलंही नाही.

माझ्या दोन अटी आहेत. कागदाच्या खाली लिहिल्या आहेत, तुझ्या साहेबांना दाखव. काटेबाई बोलणार नाही. आणि काटा राहील.

काट्याबद्दल साहेबांना समजावून सांगायला तुला उपयोगी पडेल म्हणून लिहितो. ती मारामारी नव्हती. एकदा कार्टूनच्या सुरुवातीला येणाऱ्या नावांच्या पाट्यांमध्ये मावशीचं नाव द्यायचं राहिलं. ती घरी आली आणि पाऊण तास बोलत होती. मालक, मालकांचे वडील, सगळा स्टुडिओ, मी, सगळ्यांचा उद्धार झाला. आवाज वर वर जात होता. तिला स्वतःला थांबता येत नव्हतं, ते दिसत होतं. मी म्हणालो, "पाणी तापलंय. निवायच्या आत अंघोळ करून घे." ती एकदम थांबली. माझ्याकडे पाहिलं, आणि हसत खालीच बसली. म्हणाली, "गेली माझी सगळी हवा." दुसऱ्या दिवशी ती मालकांकडे गेली, दोन वाक्यांत बोलली आणि नाव लावून घेतलं. फुगेरावला दुखत नाही. पुढच्या कार्टूनमध्ये तो पुन्हा धडधाकट असतो, हे साहेबांना सांग. काटा लावणाऱ्याचं मात्र लक्ष लागतं. तो कधी लावायचा हे समजायला बराच वेळ समोरच्याकडे बघत राहावं लागतं.

नववं पान तू काढलंस ते ठीक. आता लागणारही नाही. सामान आणायला काटेबाई जाईल, आणि वरून ओरडायला घरात माणूस आहे.

चेहऱ्यांचे एकोणतीस कागद तुझ्या संगणकवाल्यांना लागतील. ते पुठ्ठ्यात घालून वेगळ्या टपालाने पाठवतो. मागची बाजू त्यांनी वाचली तरी हरकत नाही. काम संपलं की परत दे. तिसावा माझ्याकडे ठेवला आहे.

मालिका सुरू झाली की कळव. माझा टीव्ही जुना आहे, पण चालतो.

तुझे,
काका

ता. क. पाकिटावर पत्ता लिहिताना शर्टाच्या बाहीचं बटण निघालं. सुईत दोरा पाचव्या वेळी गेला. पांढरा सापडला नाही, निळा लावला. बटण लागलं आहे. आता शर्ट इस्त्री करून टपाल टाकून येतो.